द्वारकाआत्या आणि देवमासा

कमाटीबागेत लोक शिरतात काळ्या घोड्याकडून.
आम्ही शिरायचो नदीच्या अंगाने,
पुलावर थांबून, मगरी मोजून.
एखादीच दिसली तर आत्या म्हणायची,
"आज हजेरी कमी,"
आणि पदर खोचून कामावर.

काम म्हणजे देवमासा.
चव्वेचाळीस साली महीच्या मुखाशी वाहून आलेला,
आता म्युझियममध्ये, दालनभर,
कौलं उडालेल्या घराचे वासे उरावेत तसा.
आत्याकडे एक शिडी, एक ओलं फडकं,
आणि बरगडी न बरगडी तोंडपाठ.
एकतीस वर्षं.

नाव द्वारका,
आणि समुद्र पाहिलेला नाही!
म्युझियमचे रखवालदार पवारकाका
हा विनोद दर दिवाळीला करायचे,
आत्या दर दिवाळीला हसायची.

पादऱ्याहून, डभोईहून माणसं यायची,
ममी बघायची, वाघ बघायची,
आणि या कवटीपुढे आली की
आपसूक चपला काढायची.
त्यांच्या भाषेत याच्या नावात देव नाही,
तरी नाणी ठेवायची.
आत्या ती रुमालात बांधायची
आणि शनिवारी आम्हा भाचरांना
छोट्या आगगाडीची तिकिटं.
देवमाशाच्या दक्षिणेवर
आम्ही किती फेऱ्या मारल्या
ते त्या दयाळू प्राण्यालाच माहीत.
गाडी झाडांतून वळायची, शिट्टी द्यायची,
फुलांच्या घड्याळाचा मोठा काटा
मेंदीवरून सरकताना दिसला की
धाकटी मंजिरी किंचाळायची, "चाललं! चाललं!"
मग सेवउसळ, तिखट, नाक पुसत.

शाळेत शिकलो: अठराशे एकोणऐंशी,
महाराजांनी बाग रयतेसाठी खुली केली.
आत्याचा इतिहास निराळा.
कुणी म्हणतं, कामाठ्यांनी खणली म्हणून कमाटीबाग;
खरं-खोटं कोण जाणे, तिला मात्र पटलेलं.
"पाटीवर कुणाचंही असू दे," म्हणायची,
"तोंडात खणणाऱ्याचं राहिलं की झालं."
आणि बँडस्टँडच्या पायरीवर बसून
डबा उघडायची.
बँड कधीचा गेलेला.
पारवे होते, सुरात नसलेले.

रिटायर झाली तेव्हा आम्ही वर्गणी काढून
तिला तिथलला नेली, वलसाडजवळ.
ओहोटी होती.
घोट्याएवढ्या पाण्यात ती बराच वेळ उभी राहिली,
कुणीतरी काहीतरी उघडून दाखवेल
याची वाट बघत असल्यासारखी.
मग म्हणाली, "मोठा आहे.
पण आतलं काही दाखवत नाहीत का?"
परतताना गाडीत झोपली.
तळव्यांची वाळू
तिने घरी पोचेपर्यंत झटकली नाही,
हे मंजिरीने नंतर सांगितलं.

ज्या ऑगस्टात विश्वामित्री
पूल, कठडे, वेळ, काही न विचारता बागेत शिरली,
तेव्हा आत्या दांडियाबाजारात, पहिल्या मजल्यावर,
दोन दिवस वीज नाही, खाली जिना बुडालेला.
रूळ चिखलात, घड्याळाची फुलं चिखलात,
मगरी तर सोसायट्यांच्या आवारात
पाहुण्यांसारख्या अवघडून बसलेल्या.
फोन कसाबसा लागला.
दूध आहे का, औषध आहे का, मी विचारत होतो.
तिने मध्येच तोडलं:
"त्याच्यापर्यंत पोचलं का रे पाणी?"

म्हटलं, माहीत नाही, आत्या.

पलीकडे बराच वेळ फक्त पाऊस.
"पोचलं असलं तर," ती म्हणाली,
"ऐंशी वर्षांनी…"
पुढचं वाक्य तिने गिळलं
की लाइनने, कळलं नाही.

मग एकदम नेहमीच्या आवाजात:
"पण गाळ वाईट. मणक्यांच्या सांध्यांत बसतो.
फडक्याने निघत नाही म्हणावं त्यांना.
जुना टूथब्रश लागतो.
माझ्याकडे तीन आहेत."