चार ठोके

मंगळवारी दुपारी वर्गात सहा जण.
फळ्यावर लिहितो: इंग्लंड, चौदावं शतक.
शेवटच्या बाकावरून नूतन पाळदे विचारते,
सर, परीक्षेला येतं का हे?
येतं. पाच मार्कांना. टिपा लिहा.

यमक नसायचं त्या ओळींना, सांगतो मी,
शब्दांची तोंडं सारखी असायची,
ओळीत चार आघात, मधोमध एक श्वास.
नमुना म्हणून मराठीत जुळवून दाखवतो:
*मातीत मळलेला, मुका – मजुरी मागत उभा.*
कुणी मान वर करत नाही.
कॉलेज रोडवरून रिक्षा गाणं ओढत जाते.

मलाही कोरडंच वाटायचं ते
एम.ए.ला, पाठ करताना, कानात कापसाचे बोळे घालून,
कारण खाली तांबट आळीत
वडील घंगाळ ठोकत असायचे.
ठण् ठण् – आणि अंगठ्याएवढं भांडं फिरवून –
ठण् ठण्.
बोळे काढायला मला फार वर्षं लागली.

एकदा विचारलं त्यांनी, हातोडा न थांबवता,
काय शिकवतोस रे नेमकं?
म्हटलं, त्या देशात गाठीचा ताप आला,
गावंच्या गावं बसली.
तर म्हणाले, आपली आळीही उठली होती प्लेगात,
माणसं गंगापूरच्या रानात छपरं घालून,
आणि ऐरणी इथे, उघड्या घरांत.
चोरल्या नाहीत कुणी. उचलणार कोण?

पुढे सांगितलं: उरलेल्या नांगऱ्यांनी, गवंड्यांनी
जास्त मजुरी मागितली,
तर राजाने कायदा केला, दर जुनाच.
मागणारा खोड्यात.
यावर निवृत्ती वडनेरे पहिल्यांदा थांबले
आणि मनापासून हसले.
हे मला काय सांगतोस, अंबडला कंत्राटावर
तुझा मावसभाऊ आहे, त्याला वाचून दाखव.

मालक फ्रेंचमध्ये जेवायचे,
लॅटिनमध्ये पापं धुऊन घ्यायचे,
इंग्रजी होती ती नांगरामागे चालणाऱ्याची,
तिच्यात बैल हाकायचे आणि शिव्या खायच्या.
मग कुणीतरी तिच्यातच लिहायला बसलं.
हे सांगताना माझी जीभ जरा अडखळते,
कारण याच भाषेत मी
वडिलांच्या नावाने बँकेला अर्ज लिहितो,
आणि ते खाली सही करतात,
काय लिहिलंय ते न विचारता.

कवीचं नाव काय?
ठाऊक नाही. पोथी कुणाच्या मालकीची होती
तेवढं कळतं, पहिल्या पानावर आहे.
वडिलांनी छिन्नी उचलली.
समोरच्या कळशीवर ठिपक्या ठिपक्यांनी
नाव घालायचं बाकी होतं:
*चि. सौ. कां. वृषालीस, मामांकडून.*
घालून झालं. फुंकर मारली.
म्हणाले, चाळीस वर्षं नावंच घालतोय.
मग कळशी उजेडाकडे तिरकी धरली,
बोट फिरवलं पोटावरच्या चकत्यांवरून:
हे बघ. दुसऱ्याचा ठोका असा पडत नाही.
आणि ती बाजूला ठेवून
चहा आणायला सांगितला.

नूतनच्या वहीत मी वाकून पाहिलं:
*कवी: अज्ञात. कारणे तीन.*
खोडायला सांगावंसं वाटलं,
पण त्या जागी काय लिही म्हणणार होतो मी?
तास संपला होता.

भांडी बाजारात हल्ली तांब्याच्या बाटल्या येतात,
त्यांवर यंत्राने पाडलेले ठोके,
एका मापाचे, एका अंतराचे, खूप खपतात.
वडील एखादी उचलतात,
कानाशी नेऊन टिचकी मारतात,
ऐकतात थोडा वेळ,
आणि जिथली तिथे ठेवून देतात.