आतला दीड हात

वडगावात, मागांचा खडखडाट संपतो त्या बोळात
व्हॅन भिंतीला अंग चोरून उभी.
तिचं कापडी छत, बटण दाबलं की बाहेर येणारं,
मोटारीवरचं, साडेतीन मीटर,
चोर्ल्याच्या वाऱ्यानं मधोमध फाडलं
त्याला आज पंधरा दिवस.

पुण्याच्या कंपनीनं फोनवर सांगितलं,
अख्खं युनिट बदला. बेचाळीस हजार, वर गाडीभाडं.
मी म्हटलं, कापड फाटलंय हो, मोटार नाही.
नुसतं कापड आम्ही देत नाही, सर.
मग काय. आम्हीच करालोय.

आम्ही म्हणजे मी आणि शेजारचा चन्नवीर मुरगोड,
एकतीस वर्षं पॉवरलूमवर, कानानं आता कमी.
आला, नळीवर बोटांची पेरं वाजवली,
म्हणाला, अरे, हे तर बीम हाय की.
उंच टांगलंय, एवढंच.

आधी बॅटरीची वायर काढली.
मग दोन्ही बाजूंचे गॅसचे हात
नायलॉनच्या दोरीनं करकचून बांधले.
माझ्या मेव्हण्यानं बांधले नव्हते, गेल्या साली, खानापुरात.
त्याची करंगळी अजून वेगळ्याच दिशेला नमस्कार करते.

स्क्रू लोणच्याच्या बरणीच्या झाकणात ठेवले.
बारा काढले, अकरा मोजले.
पुन्हा मोजले.

जुनं कापड खाचेतून ओढताना
चन्नवीर ओरडतो, एडक्क! एडक्क!
म्हणजे डावीकडे.
वीस वर्षं भिंतीला भिंत लागून,
तरी मला आधी येडाच ऐकू येतं,
आणि मी थांबून त्याच्याकडे बघतो,
आणि तो मला खरंच तेच म्हणतो, मराठीत.
सावकाश मात्र दोघांचं एकच.
सावकाश, तो म्हणतो. सावकाश, मी म्हणतो.
कापड येतं, हातभर, हातभर,
करडं, धुतलेल्या पाटीसारखं,
कडेला कोणाच्या तरी चहाचा डाग,
आंबोलीचा असेल, किंवा त्याआधीचा, मडगावच्या मालकाचा.

आणि मग शेवटचा दीड हात,
नळीला चिकटून असलेला,
छत पूर्ण उघडलं तरी कधीच बाहेर न आलेला:
निळा.
इतका निळा, की चन्नवीरनं चष्मा काढून पुसला.

कुमुद म्हणायची, गाडी घेतली तेव्हा हे निळं होतं.
मी म्हणायचो, करडं.
सहा वर्षं. रायबागच्या शाळेतून शनिवारी यायची,
जेवताना विषय निघायचा, भांडी घासेपर्यंत पुरायचा.
एकदा तर तिनं फोटो काढून दाखवला,
त्यातही उन्हामुळं पांढरं दिसत होतं.

नवं कापड निपाणीचं,
तंबाखूच्या ट्रकांना ताडपत्री शिवणाऱ्या दुकानातलं.
दोन्ही कडांत दोरा घालून घेतलेला.
खाचेत ओला साबण फिरवला, दोरा सरकवला.
अर्ध्या वाटेत अडला. मी जोर लावला.
चन्नवीरनं माझ्या हातावर चापट मारली,
नव्या कामगाराला मारतात तशी.
गुंडाळलं तर उजवीकडे अर्धा इंच तिरकं.
मी म्हटलं, चालतंय की.
त्यानं न बोलता सगळं उलगडलं.
दुसऱ्यांदाही.
तिसऱ्यांदा तो नळीवर कान ठेवून राहिला,
कमी ऐकणारा कान,
आणि मान हलवली.

दोऱ्या सोडल्या. वायर जोडली. बटण.
मोटार कण्हली, थांबली, मग चालू झाली.
छत बोळभर पसरलं
आणि भारतव्वानं खाटेवर वाळत घातलेल्या शेवयांवर
दाट सावली पडली.
तिनं खाट ओढत उन्हात नेली,
दोन्ही भाषांत शिव्या देत.

निळा तुकडा मी कापून घेतलाय,
घडी करून पुढच्या सीटवर ठेवलाय.
कुमुदची बस साडेसहाला.
तिला एवढंच सांगायचं राहिलंय,
की नवं कापड मी करडं आणलं,
जुन्याशी मिळतं म्हणून.