फक्की

आमच्या मैदानाला उतार होता, समुद्राकडे.
पहिल्या हाफात चढावर खेळायचो, दुसऱ्यात उतारावर,
आणि दोन्हीकडे हरायचो.
गोलात मी. पाठीमागे सुरू, पायाखाली कुर्ल्यांची बिळं.
सोनू शिपाई सकाळी ती बुजवून फक्की ओढायचा,
चारपर्यंत नवी उघडलेली असायची,
नेमकी रेषेच्या आतल्या अंगाला.

कुडाळला चार. सावंतवाडीला सहा.
कणकवलीला मी मोजणं सोडलं,
तिथल्या लोकांनी नाही सोडलं.
मालवणला दोनच खाल्ले, तर परतीच्या एस्टीत
आम्ही जिंकल्यासारखे ओरडत बसलो.
कंडक्टरने तिकिटं फाडता फाडता विचारलं, किती-कितीने?
मग म्हापण येईपर्यंत कुणी बोललं नाही.

तिरोडकर सर वनस्पतिशास्त्राचे.
ऑफसाइड समजावताना फळ्यावर
पानाच्या शिरा काढाव्यात तसे बाण काढायचे.
मध्यंतराला एकच वाक्य: "मुळं धरा रे, मुळं."
आम्ही हसायचो,
आणि हसतच परत आत जायचो, मार खायला.

डाव्या बाजूला लवू.
रात्रभर दशावतारात स्त्रीपार्ट करून
जत्रेहून थेट यायचा, डोळ्यांत काजळ तसंच,
कॉर्नरच्या वेळी उभ्या उभ्या पेंगायचा.
एकदा पेंगतानाच चेंडू कपाळावर आदळून बाहेर गेला.
सीझनभरातला आमचा सगळ्यात सुंदर बचाव तो.

संध्याकाळी बाबा बर्फाच्या कारखान्यातून यायचे,
बोटं काखेत धरून.
"आज किती खाल्लस?"
"पाच."
"मगे जेवतलस मां?"

सातवा सामना घरचा, बांद्याच्या पोरांशी.
चार वाजले तरी त्यांचा पत्ता नाही.
ऑफिसात फोन आला, एस्टी तळवड्याला बंद पडलीय.
पंचांनी घड्याळ पुसलं, म्हणाले,
साडेचार झाले की सामना तुमचा.

तुमचा.
हा शब्द सबंध सीझनमध्ये आमच्याकडे बघून
कुणी उच्चारला नव्हता.
इम्तियाज खाली बसून बुटांच्या नाड्या सोडायला लागला.
लवूने टाळी मागितली, मी दिली.
चार अठ्ठावीस. चार एकोणतीस.

इनास, आमचा कॅप्टन, चेंडूवर बसला होता.
म्हणाला, "थांबूया."
"कशाला?" इम्तियाज. "सातवा पण हरायला?"
इनासला उत्तर सुचलं नाही.
तो नुसता फक्कीकडे बघत राहिला.
सोनूने त्या दिवशी रेषा दोनदा ओढली होती.
पंच सरांकडे बघायला लागले, सर इनासकडे.
साडेचार झाले,
आणि होऊन गेले.

ते सव्वापाचला आले, टेम्पोच्या हौद्यात उभे,
भुवयांपर्यंत लाल धूळ.
आधी त्यांना पाणी दिलं. मग हरलो.
तीन-एक.
तो एक इम्तियाजचा.
पुन्हा बांधलेल्या नाड्यांनी, रागाने मारलेला,
आमचा वर्षातला पहिला गोल.
कुणी त्याला मिठी मारायला गेलं नाही,
म्हणजे गेलो, पण त्याने हात झटकले.
इनासशी तो परीक्षा संपेपर्यंत बोलला नाही.
त्यांचा तिसरा मला दिसलाच नाही, अंधार पडला होता,
फक्त जाळीचा आवाज ऐकला.

जिमखान्याच्या रजिस्टरात सरांचं बारीक अक्षर आहे:
खेळले सात, जिंकले शून्य.
शाईचा एक ठिपका आहे शून्याच्या पोटात,
पेन तिथे थांबलं असावं.

आता कारखान्यात मी आहे.
लादी फोडताना कधी कधी ठरवायला बघतो
इनासचं बरोबर होतं का.
ठरत नाही. लॉन्च धक्क्याला लागते, माल ओरडतो.
एवढं मात्र आठवतं, की टाळी मी दिली होती,
आणि लवूच्या तळव्यावरचा रात्रीचा लाल रंग
माझ्या ग्लोव्हला लागला होता.
पाच-सहा वेळा धुतला.