तिसऱ्या रिळातला

सकाळी साडेनऊच्या खेळाला साखर पेठेतले रात्रपाळीवाले,
कानात अजून मागाचा खडखडाट.
पडद्यावर इटलीवाल्यांनी उभारलेलं मेक्सिको.
कुणाला काय त्याचं.

मशीन अंबादासमामांकडे. केबिनच्या भोकातून
त्यांनीच मला दाखवला तो:
मोडकं नाक, डाव्या भुवईत खाच.
एका पिक्चरात रोमन शिपाई, एकात दरोडेखोर,
एकात नुसता दार उघडणारा.
"बघ की आता, पडतंय."
तिसऱ्या रिळात तो पडायचाच,
घोड्यावरून, जिन्यावरून, एकदा तर विहिरीत,
आणि पडता पडता टोपी सांभाळायचा.

नाव शेवटी येत असेल. तोवर मामा दिवे लावायचे,
बाहेर बाराचं पब्लिक ताटकळलेलं.

एका शनिवारी फिल्म तुटली.
मालकाला मामा तसंच म्हणाले, तुटली.
गुरुवारपर्यंत सोलापुरात तो मेला नाही;
जिन्यावर उभा, आणि पुढच्या क्षणी
सगळे जेवायला बसलेले.
कुणी शिट्टीसुद्धा मारली नाही.

मामा गेल्यावर शेंगाचटणीच्या डब्यात
वीतभर फिल्म निघाली, तेलकट.
खिडकीशी धरली.
एक हात कठड्यावर, एक टोपीवर.
जमीन अजून बरीच खाली आहे.