माध्यम

वूच शहरात, संग्रहालयाच्या तळघरात
हाल्श्का व्झोसच्या नावाची नोंदकार्डं मी भरतो.
‘माध्यम’ या रकान्यापाशी दरवेळी पेन अडतं.

एकसष्ट साली : लोकर. बापाच्या गिरणीतून चोरलेली.
पुढे कापड सोडलं,
मागाचा नुसता खडखडाट टेप केला
आणि ती टेपच विणायला घेतली.
समीक्षकाने विचारलं, हे ऐकायचं की पांघरायचं?
म्हणाली, थंडी किती आहे त्यावर.

मग फिल्म, बटाट्याच्या खळीत भिजवलेली.
प्रोजेक्टरला चिकटली, तेच प्रदर्शन.

मग तीन वर्षं काहीच नाही.
कार्ड कोरं ठेवलं की
साहेब खेकसतात.

काल ती स्वतः आली, काठी टेकत.
कोट न काढताच बसली.
कोरं कार्ड दिव्यासमोर धरून
बराच वेळ पाहिलं.
‘‘तेव्हा आईला भरवत होते,’’ म्हणाली,
‘‘बिटाचं सार. रोज थोडं पातळ.’’

मी लिहिलं : चमचा.
मापाच्या रकान्यात तिनेच घातलं :
अर्धा. शेवटी शेवटी तेवढाही नाही.

जाताना माझं पेन घेऊन गेली.
ते कुठल्या साली चढवायचं,
अजून विचारलेलं नाही.