हरकत नाही

मे महिना, सव्वाअकरा.
नाग नदीकाठचं समाजमंदिर.
कूलर बंद ठेवला होता, कारण तो सुरू असला
की साहेबांचं इंग्रजी मला ऐकू येत नव्हतं,
आणि मला नाही तर कुणालाच नाही.
दिवसाचे अडीच हजार, जेवण वेगळं.

मी सांगत गेलो:
ही बँक आपल्या सीताबर्डीवरची नव्हे.
हिला खिडकी नाही, पासबुक नाही.
देशच सभासद, देशच कर्जदार.
नदी साफ होईल, नळाला चोवीस तास पाणी.
फेड पंचवीस वर्षांची,
पहिली पाच नुसतं व्याज.
पुरुष दारापाशी खर्रा घोटत उभे.
ऐकलं ते बायांनी.

पंचफुला सोरते उठली. उजेड बचत गट, महिना शंभर.
"आमी बारा जनी, बारा हात.
जिनं दोनशे टाकले तिचाबी एकच.
तुमच्या बँकेत कोनाचे हात किती?"

साहेब चांगला माणूस होता.
ओला रुमाल मानेवर, वहीत नदीच्या उताराची चित्रं.
खरं तेच बोलला: जितकं भांडवल, तितकं मत.
टेबलाभोवती पंचवीस खुर्च्या.
काही देशांना आख्खी,
बाकीचे दहा-बारा मिळून एकीवर.
आपल्याला? आहे ना,
शेजाऱ्यांना थोडं सरकून बसवलेली.

"म्हंजे ऑटोवानी," पंचफुला म्हणाली,
"अर्धं बूड डायवरच्या बाजूनं."
हशा पिकला.
तो मी इंग्रजीत नेला नाही.

शब्द अडवत होते मला.
पान सात: लाभार्थी.
पान एकोणीस: बाधित.
दोन्हीकडे घर तेच, एकशेचौदा,
भिंतीवरचा लाल रंग अजून ओघळलेला.

आणि ते एक पत्र,
जे आल्याशिवाय तिकडून पैसा सुटत नाही,
त्याचं मराठी मी केलं: हरकत नाही.
पायावर पाय पडला की आपण म्हणतो ते.
उसने पुढच्या महिन्यात देतो म्हटल्यावर म्हणतो ते.
ते एवढं वजनदार असतं, मला ठाऊक नव्हतं.
समुद्रापलीकडे कुणीतरी ते टाइप करतं
आणि इथे पोकलेन घरघरतं.

निघताना साहेबांच्या हातून चहा सांडला,
तिच्या पदरावर.
ती म्हणाली तेच, जे कुणीही म्हणेल.
संध्याकाळी इतिवृत्त मीच टाइप केलं:
उपस्थित महिलांची हरकत नाही.
खोटं नव्हतं.

नळ आले. पाणी चांगलं आहे,
मीही पितो.
एकशेचौदाच्या जागी पंपघर,
आणि पंचफुला सहा किलोमीटर लांब, तिसऱ्या मजल्यावर.
सासऱ्याचा हातमाग जिन्यात वळला नाही,
खालीच राहिला, मीटरच्या पेट्यांखाली,
पोरं त्याच्यावर सायकली टेकवतात.

पान एक्केचाळीस, तळाशी, बारीक अक्षरात:
दोघांनी मिळून, कोणत्याही भाषेत,
तक्रार करता येते.
त्या दिवशी हे वाचायचं राहून गेलं होतं.
जेवण थंड होत होतं.

ते पान घेऊन मी तीन मजले चढलो, दोन वर्षांनी.
ती काही बोलली नाही, पाणी दिलं,
शेजारच्या वेणूताई निखारेंना हाक मारली.
दोघी झाल्या.
"मराठीतच लिही," म्हणाली.
"अन् या वक्ती बदलवू नको."

सात आठवड्यांनी उत्तर आलं:
आपली तक्रार मिळाली, नोंदली, क्रमांक सोबत.
तिनं तो आकडा गटाच्या वहीत उतरवला,
शंभर-शंभरच्या रकान्याखाली,
लाल पेननं, सावकाश,
मग चष्मा काढला.
"येवढं सांग," म्हणाली,
"हा आता कोनाच्या खुर्चीत बसन?"