दालेत आणि रेश

हिलेब्रांत विर्सेमांच्या ग्रंथाचे खिळे मी जुळवले,
चारशे बारा पानं, काम्पेनमध्ये, आयसेल नदीच्या काठी,
एकतीसच्या हिवाळ्यात.
मला हिब्रू येत नव्हती. येत होते ते आकार,
तेही उलटे.

ओला कोट न काढता ते छापखान्यात आले,
एक खिळा चिमटीत धरून म्हणाले:
हा दालेत. खांद्याला टोक आहे.
हा रेश. खांदा गोल.
एहाद म्हणजे एक. आहेर म्हणजे दुसरा.
आमचा देव एवढ्याशा टोकावर एकटा उभा आहे,
सांभाळून.

वडील फ्रीसलंडात उपदेशक.
जेवणाआधी अध्याय, जेवणानंतर अध्याय,
मध्ये बटाटे.
नवव्या वर्षी पोरानं विचारलं,
लिहिणाऱ्याला झोप आली असेल तर?
वडिलांनी ताट काढून घेतलं.
तो प्रश्न तसाच उपाशी राहिला
आणि चाळीस वर्षं वाढत गेला.

ग्रंथात एवढंच होतं:
शास्त्र लिहिलं ते माणसांनी, गारठलेल्या बोटांनी,
काना-मात्रा चुकवत,
मग पुढच्यानं ती चूक भक्तिभावानं गिरवली.
बासष्ट जागा त्यांनी दाखवल्या.
गाव पेटलं. पाववाला दार ओलांडेना.
रविवारी त्यांच्या बाकावर कुणी टेकेना,
त्यांची बायको आल्त्ये मात्र टेके, मधोमध,
हॅट जरा जास्तच मोठी घालून.

त्यांचं खरं होतं का, मला विचारू नका.
बासष्टातल्या वीसेक जागी ते नुसते हट्टाला पेटले होते,
असं त्यांचे विद्यार्थीच बिअर पिताना म्हणत.

मग सिनॉड. नऊ काळे कोट, एक घड्याळ.
ओल्तमान्सनी पान दोनशे सात उघडलं.
म्हणाले, जगाच्या चुका मोजणाऱ्या या गृहस्थांना
दालेत आणि रेश ओळखता येत नाहीत.
हशा पिकला.

ते पान माझं होतं.
मुद्रितावर त्यांनी लाल खूण केली होती, व्यवस्थित, समासात.
खिळा बदलायचा मीच राहिलो.
मागच्या बाकावर टोपी चुरगाळत बसलो होतो,
उठलो नाही.
विर्सेमा उठले. म्हणाले, चूक माझी.

आधी व्यासपीठ गेलं, मग खुर्ची, मग निम्मं पेन्शन.
त्यांनी चर्चला दिला होता घरचा आहेर,
चर्चनं त्यांनाच आहेर केलं.
दुसरा. बाहेरचा.

वसंतात ते आले. मला वाटलं, आता ऐकून घ्यायचं.
त्यांनी विचारलं, त्या रात्री काय झालं होतं?
म्हटलं, खेर्त्येला डांग्या खोकला. तीन रात्री डोळ्याला डोळा नाही.
ते स्टुलावर बसले. शाईच्या डब्याकडे बघत राहिले.
म्हणाले, तीस वर्षं मी हेच शोधतोय.
त्या लिहिणाऱ्याच्या घरी
कोण आजारी होतं.
आणि दारात वळून:
पोर बरी आहे ना?

बरी आहे. दोन मुलं आहेत तिला, दोघंही दांडगट.
ते गेले त्याला अकरा वर्षं झाली,
दफनाला आम्ही सहाजण, आणि वारा.
तो खिळा माझ्या खणात आहे.
कधी अंधारात अंगठ्यानं चाचपतो.
खांदा झिजलाय.
टोक होतं की नव्हतं,
आता मलाही सांगता येत नाही.